वरचा मजला दगडी, खालचा मजला प्लायवूडचा

ऐतिहासिक मालिकांवर आपल्याकडं जी समीक्षा छापून येते ती दागिन्यांवर, कपड्यांवर आणि संवादांवर येऊन थांबते. नथ त्या काळातली होती का, पगडी कुठल्या घराण्याची, भाषा जड झाली का. भिंतीकडं कोणी बघत नाही. मी सूतगिरणीतला माणूस. मला आधी भिंत दिसते, छप्पर दिसतं, उजेड कुठनं येतो आणि हवा कुठनं येत नाही ते दिसतं. कारण आठ तास त्यातच काढायचे असतात.

म्हणून या लेखात मी नटनट्यांबद्दल फारसं बोलणार नाही. मालिका ज्या जागेवर उभी राहते त्या जागेबद्दल बोलणार आहे. जुना काळ दाखवायचा तर जागा पायजे. ती एकतर शिल्लक असते, नाहीतर सुतार लावून उभी करावी लागते. कोणाची शिल्लक राहिली आणि कोणाची सुताराला करावी लागली, एवढाच माझा प्रश्न आहे. प्रस्थापित समीक्षक ह्याला निर्मितीची तांत्रिक बाब म्हणतील. म्हणू द्या.

उदाहरण इंग्लंडचं घेतो. जुन्या काळाच्या मालिका काढण्यात ते लोक वस्ताद, आणि त्यांच्या मालिकांत ही गोष्ट फार स्वच्छ दिसते. 'डाऊनटन ॲबी' आपल्यापैकी पुष्कळांनी मोबाईलवर पाहिली असंल. आयटीव्हीवर २०१० ते २०१५ चालली, ५२ भाग. लेखक ज्युलियन फेलोज. गोष्ट यॉर्कशायरमधल्या एका उमरावाच्या वाड्याची. वर मालकाचं कुटुंब, खाली नोकरचाकर. पहिल्याच भागात १९१२ साल आहे, टायटॅनिक बुडालीय, आणि डेझी नावाची स्वैपाकघरातली पोरगी सगळ्यांच्या आधी उठून घरभर शेकोट्या पेटवत फिरते. मालकाच्या वर्तमानपत्राला इस्त्री करायची असते. का? तर शाई वाळावी, मालकाचे हात काळे होऊ नयेत. हा तपशील लिहिणाऱ्याला मी दाद देतो. आमचे हात काय रंगाचे होतात ते कोणी कधी विचारलं नव्हतं.

आता वाड्याकडं या. शूटिंगचा वाडा दक्षिणेत, हँपशायरमध्ये: हायक्लेअर कासल. कार्नार्व्हनच्या अर्लचं घराणं आजही तिथं मालक आहे. वाड्याचं आजचं रूप चार्ल्स बॅरीनं १८४० च्या दशकात घडवायला घेतलं. लंडनच्या पार्लमेंटची इमारत उभारणारा तोच हा बॅरी. मालिकेतला उंच दिवाणखाना, जेवणाची खोली, पुस्तकांची खोली, ओकचा जिना, सगळं त्या वाड्यातलं. सगळं खरं.

आणि खालचं जग? स्वैपाकघर, नोकरांची जेवायची लांब खोली, भिंतीवर टांगलेल्या घंटा, माळ्यावरच्या मोलकरणींच्या झोपायच्या खोल्या? ह्यातलं काही हायक्लेअरला शूटिंगजोगं उरलं नव्हतं. मालकांनी नोकरांचा भाग मागंच नव्या सोयींसाठी बदलून टाकला होता. मग खालचा मजला लंडनच्या पश्चिमेला ईलिंग स्टुडिओत लाकूड, प्लाय आणि रंग लावून उभा केला. निजायच्या वरच्या काही खोल्याही तिथंच केल्या, हे खरं. पण त्या सोयीसाठी केल्या. स्वैपाकघर करावं लागलं, कारण ते नव्हतंच.

दोन्ही जागांत नव्वदेक किलोमीटरचं अंतर. मालिकेत नोकर खालनं ताट उचलतो, जिना चढतो, दाराबाहेर पडतो आणि मालकाच्या टेबलापाशी उभा राहतो. प्रत्यक्षात ताट उचललं ईलिंगला, ठेवलं हायक्लेअरला, आणि मधे कित्येक दिवस गेले. बघणाऱ्याला जोड दिसत नाही. दिसू नये हेच त्या कामाचं कौशल्य आहे, आणि ते काम फर्स्टक्लास झालंय. खाली रंग मळकट राखाडी, वर सोनेरी आणि तांबडे. खाली कॅमेरा माणसांच्या मागं मागं पळतो, वर संथ उभा राहतो. वरची माणसं चित्रासारखी बसलेली, खालची सतत हालत असलेली. काम करणाऱ्याचं अंग कसं चालतं ते ह्या सेटवाल्यांना समजलंय.

पण एक गोष्ट सांगतो ती मनात ठेवा. हायक्लेअरच्या पाचव्या अर्लनं इजिप्तमध्ये उत्खननाला पैसा पुरवला होता, आणि १९२२ साली तुतनखामेनचं थडगं सापडलं. त्या वाड्याच्या तळघरांत आज इजिप्तचं प्रदर्शन मांडलंय, लोक तिकीट काढून बघतात. म्हंजे तीन हजार वर्षांमागच्या परक्या राजाची आठवण ठेवायला तळघरात जागा निघाली. शंभर वर्षांमागं त्याच वाड्यात भांडी घासणाऱ्या पोरीची मोरी मात्र राहिली नाही. ह्यात कोणाचा दुष्टावा होता असं मी म्हणत नाही. नवी मोरी सोयीची, म्हणून जुनी काढली. पण दिवाणखाना सोयीचा नसूनही ठेवला. थंडीत न तापणारा, झाडायला जड, दुरुस्तीला महाग, तरी ठेवला. कारण तो ठेवण्याजोगा आहे असं त्यांना वाटलं. मालिका गाजल्यावर तिकीटवाल्यांची रीघ लागली आणि दुरुस्तीला पैसा उभा राहिला. २०१९ साली ह्याच गोष्टीचा चित्रपट निघाला, तेव्हा खालचा मजला पुन्हा नव्यानं दुसऱ्या स्टुडिओत बांधावा लागला. वरचा मजला जागेवरच होता.

ह्याच्या चाळीस वर्षं आधी तिथं 'अपस्टेअर्स, डाऊनस्टेअर्स' नावाची मालिका निघाली होती, १९७१ ते १९७५. वर मालक खाली नोकर हा मांड तिनंच लोकप्रिय केला. कल्पना जीन मार्श आणि आयलीन ॲटकिन्स या दोन नट्यांची. मार्शची आई मोलकरीण होती, ॲटकिन्सच्या बापानं उमरावाघरी चाकरी केली होती. म्हंजे खालच्या मजल्यावरच्या पोरींनी ही गोष्ट टीव्हीवर आणली. पत्ता १६५, ईटन प्लेस. खरं घर ६५ नंबरचं. बाहेरनं चित्रण करताना ६५ च्या पुढं एक आकडा रंगवला, झालं १६५. आत सगळं स्टुडिओत.

या मालिकेचे सुरुवातीचे काही भाग काळेपांढरे आहेत. आजचा पोरगा म्हणंल, जुना काळ वाटावा म्हणून केलं असंल. तसं न्हाई. त्या वेळी, १९७० च्या शेवटी ते १९७१ च्या सुरुवातीला, आयटीव्हीच्या तंत्रज्ञांनी पगारासाठी रंगीत यंत्रांवर काम करायला नकार दिला होता. म्हणून ते भाग बिनरंगाचे निघाले. मला ती मालिका त्यासाठी फार जवळची वाटते. पडद्यावर नोकर मालकाचं ऐकतोय, आणि कॅमेऱ्यामागचा कामगार ऐकत नाहीय. सेट उभा करणाऱ्या, दिवा धरणाऱ्या माणसाची खूण एरवी कुठल्या मालिकेत दिसते?

घरकाम झालं. आता गिरणी. बीबीसीनं २००४ साली एलिझाबेथ गॅस्केलच्या कादंबरीवरनं 'नॉर्थ अँड साऊथ' ही चार भागांची मालिका केली. कादंबरी १८५४-५५ ची. गाव मिल्टन, म्हंजे नाव बदललेलं मँचेस्टर. पण मँचेस्टरमध्ये त्या काळच्या कामगारवस्तीच्या गल्ल्या फारशा उरल्याच नव्हत्या. म्हणून गल्ल्यांचं शूटिंग स्कॉटलंडमध्ये एडिंबरोला झालं. जगातलं पहिलं मोठं गिरणगाव, आणि त्याच्या नावानं दुसऱ्याच शहराचे दगड दाखवावे लागले.

मालिकेतलं साचेखातं मात्र खरं आहे. ते बर्नलीजवळच्या हार्ल साईकमधल्या क्वीन स्ट्रीट मिलमध्ये घेतलं. ही गिरणी १८९४ च्या सुमारास गावातल्या लोकांनी सहकारानं शेअर काढून उभी केली, वाफेवर चालायची, १९८२ साली बंद झाली. तिचं म्युझियम केलं. सुमारे तीनशे लँकेशायर साचे आणि ते फिरवणारं वाफेचं इंजिन तिथं जपलंय. कथेपेक्षा गिरणी चाळीस वर्षांनी नवी आहे, पण त्यावरनं मी भांडणार नाही. नायिका पहिल्यांदा दार ढकलून आत येते तेव्हा समोर साच्यांच्या रांगा, पट्टे गरगर फिरतायत आणि हवेत कापूस बर्फासारखा उडतोय. पुष्कळांनी लिहिलंय की दृश्य सुंदर आहे. सुंदर आहेच. पण मी ते बघताना नाकाला हात लावला. कापसाची धूळ वर्षानुवर्षं छातीत गेली की बिसिनोसिस होतो. सुटीनंतर कामाच्या पहिल्या दिवशी छाती आवळते, मग रोजच आवळते. मालिकेतली बेसी हिगिन्स अशीच खोकून मरते. तो कापूस आणि ती पोरगी एकाच धाग्यानं बांधलीय, म्हणून मी ह्या मालिकेला चांगली म्हणतो. खऱ्या यंत्रांचा कानठळ्या बसवणारा आवाज असल्यावर नटही नटासारखे बोलत नाहीत, ओरडून बोलतात. प्लायच्या भिंतीत हे जमलं नसतं.

अशी जागा जपायलाही कोणीतरी पैसा टाकायला लागतो. २०१६ साली तिथल्या कौन्सिलनं खर्चकपात म्हणून हे म्युझियम बंद केलं. लोकांनी आरडाओरडा केल्यावर पुढं ते थोडंबहुत उघडलं. वाडा मालिकेच्या जोरावर तरला, गिरणी मात्र कात्रीखाली आली.

दुसरी बाजूही सांगतो. मँचेस्टरजवळ स्टायलला क्वारी बँक मिल आहे, सॅम्युएल ग्रेगनं १७८४ साली काढलेली. तिच्याबरोबर तिथली उमेदवार पोरांची कोठडीवजा इमारत आणि कागदपत्रं दोन्ही टिकली. अनाथ, गरीब पोरं तिथं ठेवून गिरणीत राबवत. एस्थर प्राईस नावाची पोरगी तिथनं पळाली होती, हे त्या कागदांत आहे. त्यावरनं चॅनल फोरनं २०१३ साली 'द मिल' ही मालिका केली. घर राहिलं, कागद राहिले, म्हणून दीडपावणेदोनशे वर्षांनी त्या पोरीला नावानिशी पडद्यावर उभं राहता आलं. ग्रेग घराण्याचे वेस्ट इंडीजमध्ये गुलाम राबवणारे मळे होते. त्या मळ्यांवरच्या माणसांची मालिका निघाली नाही. कापसाच्या दोऱ्याचं ते टोक अजून अंधारातच आहे.

दोऱ्याचं तिसरं टोक आपल्याकडं येतं. गॅस्केलबाईंची कादंबरी छापून येत होती त्याच १८५४ साली कावसजी दावरांनी मुंबईत पहिल्या कापड गिरणीची कंपनी काढली. १८५६ साली ताडदेवला गिरणी सुरू झाली. पुढं मुंबईच्या गिरण्यांत यंत्रं आली ती बहुतेक लँकेशायरची. बर्नलीत जपून ठेवलेल्या साच्यांसारखेच साचे परळ-लालबागला खडखडत होते. तर मग हार्ल साईकचं ते साचेखातं बघून गिरणगावातला म्हातारा म्हणंल, हे आपलंच.

आपलंच? इथं थांबू. साच्यावर कांडी संपली की नवी कांडी धोट्यात घालायची आणि धाग्याचं टोक धोट्याच्या भोकातनं तोंडानं ओढून काढायचं. लँकेशायरलाही असंच ओढत, मुंबईतही असंच ओढत. फरक एवढाच की मुंबईत धोट्याला जात चिकटली. महाराच्या तोंडचा धोटा दुसऱ्यानं तोंडाला कसा लावायचा, म्हणून अस्पृश्य कामगाराला साचेखात्यात घेत नसत. तिथं पगार जास्त. त्यानं कमी पगाराच्या खात्यांत राबायचं. १९२८ च्या मोठ्या संपाच्या वेळी बाबासाहेबांनी हा प्रश्न पुढाऱ्यांच्या तोंडावर ठेवला. संपाच्या मागण्यांत अस्पृश्यांना साचेखातं उघडं करण्याची मागणीही पायजे, असं ठणकावलं.

उद्या कोणी गिरणगावावर मालिका काढली तर सेटवाला साचा आणील, भोंगा आणील, चिमणी कॉम्प्युटरवर काढील. पण साच्यापाशी कोण उभा राहील आणि कोणाला दाराशीच अडवायचं, हे त्याला कोण सांगंल? भिंत कुठं होती ते नकाशावरनं कळतं. धोट्यात जी भिंत होती ती नकाशात नसते. ती माहीत नसेल तर सेट काटेकोर होऊनही खोटा होईल, कारण साच्यावर सगळेच 'कामगार' म्हणून उभे राहतील.

तशी मालिका काढायला आता जागा तरी कुठाय? १८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला आणि नंतर एकेक गिरणी गेली. लोअर परळच्या फिनिक्स मिलचा मॉल झाला. कुलाब्याची मुकेश मिल बंद पडली ती शूटिंगची जागा झाली. 'हम' (१९९१) मधलं जुम्माचुम्माचं गाणं तिथलंच. पुढं भुताखेताच्या शूटिंगला ती नावाजली. जिथं माणसं पाळीनं राबली तिथं कामगार दिसत नाही, भूत दिसतं. आमच्या माणसांना त्या जागेत मिळालेली भूमिका ही एवढीच.

मग आपल्या मालिका कुठं बनतात? गोरेगावच्या चित्रनगरीत. ती १९७७ साली सुरू झाली. 'भारत एक खोज' आणि 'महाभारत' १९८८ साली आल्या, त्यांचे सेट तिथं पडले. तेव्हापासून राजवाडे, दरबार, गावं, सगळं तिथं उभं राहतं आणि मोडतं. चित्रनगरीच्या हद्दीत वारली आदिवासींचे पाडे आहेत, चित्रनगरीच्या कितीतरी आधीपासनं. मालिकेतल्या गावाला दिवसभर जनरेटरची वीज, आणि खऱ्या पाड्यानं वीजपाण्यासाठी वर्षानुवर्षं अर्ज करायचे. एकाच हद्दीत दोन गावं. एक खोटं, एक खरं.

इंग्लंडात वाडा दगडी आणि स्वैपाकघर प्लायचं. आपल्याकडं बहुतेक वेळा राजवाडाही प्लायचाच असतो, मग समता झाली असं कोणी म्हणंल. त्याला ८ फेब्रुवारी १९८९ सांगा. म्हैसूरच्या प्रीमियर स्टुडिओत 'द सोर्ड ऑफ टिपू सुलतान'चं शूटिंग चालू होतं. आग लागली. सैल वायरिंग, हवा जायला झरोके नाहीत, भिंतींना आग न लागणारं सामान लावायचं तिथं गोणपाट, वर मोठमोठ्या दिव्यांची धग. ६२ माणसं मेली. दिग्दर्शक-नट संजय खान स्वतः भयंकर भाजला, वर्षभर इस्पितळात होता. पुढं मालिका दूरदर्शनवर आली, गाजली. टिपूचे किती सरदार होते ते मालिका सांगते. त्या ६२ जणांत सुतार किती, लाईटवाले किती, रंगारी किती, हे कोणत्या समीक्षेत वाचलंय तुम्ही? ऐतिहासिक मालिकेची समीक्षा करताना आग विझवायचा बंब कुठं होता हेही विचारलं पायजे. तोही सेटचाच भाग आहे.

आता एक अवघड गोष्ट, ती टाळून चालायचं नाही. वाडा जपला तशी आमची खोपटं जपा, असं मी म्हणतोय का? न्हाई. वरळी-नायगावच्या बीडीडी चाळी पाडून तिथं टॉवर होतायत. दहा बाय बाराच्या खोलीत पिढ्या काढलेल्या माणसाला पक्का फ्लॅट मिळालाच पायजे. उमरावाला त्याच्या भूतकाळात राहता येतं, तो भाड्यानं देता येतो. आम्हाला आमच्या भूतकाळातनं बाहेर पडायचं असतं. शूटिंगवाल्याला लोकेशन पायजे म्हणून कोणी म्हातारीला सार्वजनिक संडासाच्या रांगेत ठेवणार असंल तर त्या लोकेशनला आग लागो.

पण पाडण्याआधी मोजा. खोली किती लांब, किती रुंद, माळा कुठं, चूल कुठं, बाबासाहेबांची तसबीर कुठल्या भिंतीला, एका खोलीत पाळीपाळीनं किती जण झोपत. गिरणीत पाणी कोण कुठं प्यायचं, कुठल्या खात्यात कुठल्या जातीची माणसं. हे माहीत असलेली माणसं आता ऐंशीच्या घरात आहेत. आमच्याकडं अर्लचा कागदांचा पेटारा नाही, पण लिहिलेलं आहे. दया पवारांच्या 'बलुतं'मध्ये (१९७८) मुंबईतला कावाखाना आहे. सेटवाल्यानं ते पुस्तक शेजारी ठेवलं तर त्याला नकाशा शोधत फिरायला नको. आमच्या लोकांच्या आत्मकथांना समीक्षकांनी वेदना म्हटलं, विद्रोह म्हटलं. त्यांत मोजमापंही आहेत, ते कोणी बघितलं नाही.

म्हणून जे लिहू शकतात त्यांना माझं सांगणं एवढंच. कविता लिहा, पण आज्याला विचारून खात्याचा नकाशाही काढा. वहीच्या पानावर, पेन्सिलीनं, चुकलं तर खोडून. धोटा किती वजनाचा होता ते लिहा. तो तोंडाला लावायला कोणाला बंदी होती, ते त्याच्याखाली लिहा. उद्या कोणी सुतार लावून आमचा मजला उभा करायला आला, तर त्याला माप विचारायला आमच्याकडंच यावं लागंल. आणि तेव्हा आपण त्याला मापाबरोबर हेही विचारू, की बंब आणलायस का.